वैरण बदलताना

ऊसतोडीच्या तळावर

दिवाळी सरली की साखर कारखान्यांच्या आसपासच्या मोकळ्या रानांत ऊसतोड टोळ्यांच्या कोप्या उभ्या राहतात. बीड, जालना, अहिल्यानगर अशा कोरडवाहू भागांतून माणसं येतात आणि ज्यांची बैलगाडी आहे त्यांच्यासोबत बैलही येतात. गावात ज्वारीच्या कडब्यावर पोसलेला बैल इथे पोचतो आणि त्याच्यापुढे उसाच्या हिरव्या शेंड्यांचा, म्हणजे वाढ्यांचा, ढीग पडतो. हंगामभर तेच त्याचं मुख्य खाणं. उरलेल्या वाढ्यांच्या मोळ्या बांधून तळावरच्या बायका गावातल्या दूधवाल्यांना विकतात. रोजचं तेलमीठ त्यावर सुटतं.

गेल्या हंगामात मी अशा एका तळावर गेले ती संपादकांच्या पत्रामुळे. अंकाचा विषय त्यांनी कळवला होता : ‘न दिसणारे राबते’. माणसांमधले असे राबते पुष्कळ आहेत आणि त्यांच्यावर लिहायलाच हवं. पण पत्र वाचताना माझ्या डोळ्यांसमोर आले ते जनावरांच्या पोटातले जिवाणू. गाय, म्हैस, शेळी, मेंढी, बैल यांपैकी एकाही जनावराला गवताचा चिवट धागा स्वतःच्या बळावर पचवता येत नाही. ते काम पोटातले हे सूक्ष्म जीव करतात. आपलं दूध, आपली नांगरट, शेणखत, लोकर, मटण हे सगळं त्यांच्या कामावर उभं आहे.

तळावर एक वयस्कर गाडीवान बैलांना वैरण टाकत होते. वाढ्यात ते मुठीमुठीनं कडबा मिसळत होते. समोर एवढा हिरवा चारा असताना वाळका कडबा कशाला, असं मी विचारलं.

“गावाकडून थोडा कडबा संगं आणतोतच, ताई,” ते म्हणाले. “पहिल्या दिवसापासून निस्तं वाढं टाकलं की बैल पातळ हागतंय. मग गाडीला जोर लागत न्हाई. रोज वाढं थोडं थोडं वाढवायचं आन् कडबा कमी करत न्यायचा.”

“असं किती दिवस, मामा?”

“पंधरा दिवस तरी. त्याच्या आत घाई करायची न्हाई.”

हे पंधरा दिवस कशासाठी लागतात, ते समजून घेत गेले आणि हा लेख उभा राहिला.

डाव्या भकाळीआड

तालुक्याच्या गावातल्या पशुवैद्यकीय दवाखान्यात डॉक्टरांनी मला एका गाईच्या डाव्या भकाळीवर स्टेथोस्कोप लावायला दिला. सुरुवातीला काहीच ऐकू येईना. मग आतून एक लांब, खोल गडगडाट उठला आणि विरला. निरोगी गाईत मिनिटाला एक-दोन वेळा असा आवाज होतो. कोठीपोट आपल्यातला चारा घुसळत असतं, त्याचा हा आवाज. जनावर आजारी आहे असं वाटलं की डॉक्टर आधी हाच आवाज शोधतात.

रवंथ करणाऱ्या जनावराच्या पोटाचे चार कप्पे : कोठीपोट, जाळीपोट, पडदेपोट आणि खरं पोट. आपल्या जठराशी नातं सांगणारा, आम्ल आणि पाचकरस सोडणारा कप्पा चौथा. त्याच्या अलीकडे मोठ्या गाईत शंभर लिटरहून अधिक मावेल एवढं कोठीपोट डावी बाजू व्यापून असतं, आणि त्यात जनावराचा स्वतःचा पाचकरस अजिबात स्रवत नाही. तिथे असतो तो चारा, पाणी, लाळ आणि सूक्ष्म जीव. तापमान सुमारे 39 अंश सेल्सिअस, प्राणवायू जवळजवळ शून्य, आम्लता बेताची. जिवाणूंना हवं ते सगळं गाय पुरवते. मऊ, ओला, उबदार चारा त्यांच्यापर्यंत सतत पोचत राहतो. रवंथ करून ती तो बारीक करते आणि दिवसाला शंभर लिटरच्या घरात लाळ गिळते. लाळेतला बायकार्बोनेट आत तयार होणारं आम्ल सौम्य ठेवतो.

डॉक्टरांनी तोंडातून नळी घालून थोडं कोठीपोटातलं पाणी काढलं. हिरवट-तपकिरी, किंचित चिकट, आंबूस पण किळस न आणणाऱ्या वासाचं. त्याचा कोमट थेंब सूक्ष्मदर्शकाखाली धरला तर त्यात प्रोटोझोआंची नुसती धावपळ. या एकपेशीय जीवांची ओळख 1843 मध्ये ग्रुबी आणि देलाफों या दोघांनी फ्रान्समध्ये करून दिली. प्रोटोझोआंच्या मागे जो दाणेदार धुरळा थरथरत होता, ते जिवाणू. एका मिलिलिटरमध्ये त्यांची संख्या 10 अब्जांच्या घरात असते. शिवाय तिथे बुरशी आहेत. त्यांची पोहणारी बीजं शास्त्रज्ञ बराच काळ प्रोटोझोआ समजत होते. कॉलिन ऑर्पिन यांनी 1975 मध्ये त्या बुरशी असल्याचं दाखवलं. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेतही अशा प्राणवायूविना जगणाऱ्या बुरशींवर काम चालतं.

“प्रोटोझोआ असे पळताना दिसले की मला निम्मा धीर येतो,” डॉक्टर म्हणाले. “पोट बिघडलं की सगळ्यात आधी हेच मरतात.”

गवताचं दूध होतं कसं

गवताच्या पेशींच्या भिंती सेल्युलोजच्या असतात. सेल्युलोज म्हणजे साखरेचेच रेणू, पण अशा जोडणीनं बांधलेले की प्राण्यांच्या पाचकरसांना ती सुटत नाही. फायब्रोबॅक्टर आणि रुमिनोकॉकस यांसारखे जिवाणू चाऱ्याच्या तुकड्याला घट्ट चिकटतात आणि ती जोडणी तोडतात. सुटलेली साखर स्वतः वापरून ते ॲसेटिक, प्रोपिऑनिक आणि ब्युटिरिक ही आम्लं बाहेर टाकतात. जिवाणूंनी टाकून दिलेली ही आम्लंच गाईचं खरं अन्न. ती कोठीपोटाच्या भिंतीतून रक्तात जातात आणि गाईच्या ऊर्जेची सुमारे 70 टक्के गरज भागवतात. दुधातल्या स्निग्धांशाचा मोठा भाग ॲसेटिक आम्लातून तयार होतो. म्हणून नुसता खुराक वाढवून चारा कमी केला की दुधाची फॅट उतरते.

या साखळीतून हायड्रोजनही सुटतो. तो साठून राहिला तर सगळं काम अडेल. मिथेनजनक सूक्ष्म जीव तो कार्बन डायऑक्साइडशी जोडून मिथेन बनवतात आणि गाय तो ढेकरेवाटे बाहेर टाकते. हवामानबदलाच्या चर्चेत ज्या मिथेनवरून गाईला दोष लावला जातो तो हा. त्यात गाईचाही तोटाच आहे, कारण चाऱ्यातली काही ऊर्जा वायू होऊन निघून जाते.

प्रथिनांची गोष्ट याहून नवलाची. जिवाणू अमोनियासारख्या साध्या नायट्रोजनापासून आपलं शरीर बांधतात. चाऱ्याबरोबर ते पुढे वाहत चौथ्या कप्प्यात पोचतात आणि तिथे गाय त्यांनाच पचवते. तिला मिळणाऱ्या प्रथिनांचा अर्ध्याहून जास्त वाटा असा जिवाणूंच्या शरीरांतून येतो. फिनलंडचे नोबेल पारितोषिक विजेते रसायनशास्त्रज्ञ आर्तुरी विर्तानेन यांनी 1960च्या दशकात गाईंना शुद्ध सेल्युलोज, स्टार्च, साखर आणि नायट्रोजनासाठी फक्त युरिया व अमोनियम क्षार दिले. प्रथिनांचा घास जवळजवळ न देताही त्या गाईंनी दूध दिलं. आपल्याकडे 100 किलो भाताच्या पेंढ्यावर 4 किलो युरियाचं पाणी शिंपडून तो तीन आठवडे झाकून ठेवण्याची शिफारस कृषी खातं करतं. त्यामागे पेंढा मऊ पडावा आणि जिवाणूंना नायट्रोजन मिळावा, हे दोन्ही हेतू आहेत. मात्र तोच युरिया एकदम जास्त पोटात गेला तर अमोनिया रक्तात चढतो आणि जनावर तासाभरात आडवं होतं.

हे सगळं कळायला फार वेळ लागला, कारण हे जीव हवा लागताच मरतात. वाळवीच्या पोटातल्या सूक्ष्म जीवांवर काम केलेल्या रॉबर्ट हंगेट या अमेरिकी शास्त्रज्ञानं कार्बन डायऑक्साइड भरलेल्या बंद नळीच्या आतल्या बाजूला पोषक थर पसरवून त्यांना वाढवण्याची रीत बसवली. 1940च्या दशकात सेल्युलोज तोडणारे जिवाणू त्याने अशा नळ्यांमध्ये वेगळे केले. 1966 साली आलेला त्याचा ग्रंथ या विषयाचा पाया मानला जातो.

वाढ्यातलं ऑक्झलेट

आता पुन्हा ऊसतोडीच्या वैरणीकडे. वाढ्यात ऑक्झलेट भरपूर असतं. ते पोटातल्या आणि रक्तातल्या कॅल्शियमला धरून ठेवतं. दुभत्या जनावराला महिनोन्‌महिने नुसतं वाढं घातलं तर कॅल्शियम घटतं, दूध घटतं, हाडं कमकुवत होतात. म्हणून वाढ्यावर चुन्याची निवळी शिंपडा, खनिज मिश्रण द्या, असं पशुवैद्य सांगतात. ज्या गोठ्यांत मी गेले त्यांतल्या बऱ्याच ठिकाणी चुन्याची बादली गव्हाणीशेजारीच ठेवलेली होती.

पण ऑक्झलेटचा खरा बंदोबस्त पोटातच होतो, आणि तो उलगडला अमेरिकेत. तिथल्या पश्चिमेकडच्या कोरड्या कुरणांत हॅलोजेटन नावाचं मध्य आशियातून आलेलं तण 1930च्या दशकात दिसू लागलं. त्यातही ऑक्झलेट ठासून भरलेलं. भुकेल्या मेंढ्यांचा कळप त्यावर तुटून पडला की शेकडो मेंढ्या दगावत. तरीही ज्या मेंढ्या थोडं थोडं खात गेल्या होत्या त्यांना तेवढंच तण पचत असे. आयोवा राज्यातल्या एम्स इथले सूक्ष्मजीवशास्त्रज्ञ मिल्टन ॲलिसन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1977 मध्ये दाखवलं की ऑक्झलेटचं प्रमाण हळूहळू वाढवत नेलं तर कोठीपोटाची ते मोडण्याची ताकद कित्येक पटींनी वाढते. पुढे त्यांनी त्यामागचा जिवाणू मेंढीच्या कोठीपोटातून वेगळा काढला. 1985 मध्ये त्याला ऑक्झॅलोबॅक्टर फॉर्मिजेनेस हे नाव मिळालं. हा जिवाणू जगतोच ऑक्झलेटवर. ऊर्जेसाठी त्याला दुसरं काही चालत नाही.

गाडीवान मामांच्या पंधरा दिवसांचं उत्तर इथे सापडतं. कडब्यावर पोसलेल्या बैलाच्या पोटात ऑक्झलेट खाणारे जिवाणू थोडे असणार, कारण त्यांचं खाद्यच तिथे थोडं. वाढं रोज मूठमूठ वाढत गेलं की त्या खाद्यावर तेही वाढत जातात. वाढ्याच्या साखरेवर जगणाऱ्यांची संख्या सावरते, नुसत्या कडब्यावर जगणारे मागे पडतात. बैल तोच असतो, त्याच्या आतली लोकसंख्या बदललेली असते. एकदम वाढं टाकलं तर ही अदलाबदल होण्याआधीच ऑक्झलेट आणि पाणचट हिरवा चारा येऊन आदळतो. मामांनी जिवाणूंचं नावही ऐकलेलं नाही, पण त्यांच्या वाढीचा वेग त्यांना नेमका ठाऊक आहे.

हवाईच्या शेळ्यांकडून मिळालेलं

सुबाभूळ महाराष्ट्रात सगळ्यांच्या ओळखीची आहे. मूळची मेक्सिको आणि मध्य अमेरिकेतली. 1970च्या दशकात हवाईहून आलेल्या उंच, झपाट्यानं वाढणाऱ्या वाणाचा प्रसार उरुळी कांचनच्या बायफ संस्थेनं केला. मणिभाई देसाई यांनी 1967 मध्ये उभी केलेली ही संस्था गोपालकांना बांधावरच्या हिरव्या, प्रथिनयुक्त चाऱ्याचा मार्ग दाखवत होती. शेळ्या सुबाभळीवर जीव टाकतात. पण तिच्या पाल्यात मिमोसिन नावाचा घटक असतो. त्याने केस गळतात. कोठीपोटात त्याचं डीएचपी या पदार्थात रूपांतर होतं आणि डीएचपीमुळे गलग्रंथी सुजते, वजन वाढत नाही. म्हणून एकूण हिरव्या चाऱ्यात सुबाभूळ एक तृतीयांशाहून जास्त नको, हा सल्ला आपल्याकडे रूढ झाला.

ऑस्ट्रेलियातल्या क्वीन्सलंडमध्ये गुरांना सुबाभळीची बाधा सतत होत होती. तिथल्या टाउन्सव्हिलचे संशोधक रेमंड जोन्स 1970च्या दशकाच्या शेवटी हवाईत गेले, तेव्हा तिथल्या शेळ्या सुबाभूळ पोटभर खाऊनही ठणठणीत दिसल्या. झाड तेच, प्राणी तेच. तेव्हा फरक पोटात असला पाहिजे, असा तर्क त्यांनी 1981 मध्ये मांडला. हवाईच्या शेळ्यांच्या कोठीपोटातलं पाणी कडक विलगीकरणातून ऑस्ट्रेलियात आणलं गेलं आणि तिथल्या शेळ्यांना, मग गुरांना पाजलं गेलं. काही दिवसांत त्यांच्या लघवीतलं डीएचपी जवळजवळ नाहीसं झालं. एका जनावरात मुरलेले जिवाणू त्याच कुरणात चरणाऱ्या बाकीच्या जनावरांत आपोआप पसरले. 1992 मध्ये ॲलिसन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी हा जिवाणू वेगळा करून त्याला सिनर्जिस्टिस जोन्सिआय हे नाव दिलं. पुढे क्वीन्सलंडमध्ये तो मोठ्या प्रमाणावर वाढवून पशुपालकांना पुरवला जाऊ लागला.

पुढच्या संशोधनानं या गोष्टीत भर घातली. हा जिवाणू आधी वाटला त्यापेक्षा जगात पुष्कळ ठिकाणी आहे आणि काही जनावरांचं यकृतही डीएचपीला बांधून निरुपद्रवी करतं, असं दिसलं. तरीही जोन्स यांच्या कामातून निघालेला धडा टिकून आहे. एखादा चारा जनावराला मानवतो की नाही, हे पाहताना चारा आणि जनावर एवढंच पाहून भागत नाही.

तेच जिवाणू घात करतात तेव्हा

दवाखान्यात डॉक्टरांना सर्वाधिक धास्ती लग्नसराईची. पंगतीनंतर उरलेला भात, पुऱ्या, चपात्या पाट्या भरभरून गोठ्यात जातात. वाया जाऊ नये, मुक्या जिवाच्या मुखी लागावं, हाच त्यामागचा भाव. पण एवढं स्टार्च एकदम आलं की स्ट्रेप्टोकॉकस बोव्हिससारखे झपाट्यानं वाढणारे जिवाणू काही तासांत त्याचं लॅक्टिक आम्ल करून टाकतात. आम्लता एवढी वाढते की धागा पचवणारे जिवाणू आणि प्रोटोझोआ मरतात. कोठीपोटाची घुसळण थांबते, रक्तातलं पाणी पोटात ओढलं जातं आणि जनावर कोसळतं. “लोक म्हणतात, डॉक्टर, काल तर आनंदानं खाल्लं,” डॉक्टर सांगत होते. “आनंदानं खाल्लं हे खरंच आहे. पण त्याच्या पोटात त्या अन्नाची तयारी नव्हती.”

कोवळ्या ज्वारीची विषबाधा, म्हणजे किराळ, हीही अशीच. पाण्याच्या ताणावर वाढलेल्या कोवळ्या धाटांत आणि खोडव्याच्या फुटव्यांत धुरीन हा पदार्थ असतो. धाटात असेपर्यंत तो बांधलेला राहतो. कोठीपोटातले सूक्ष्म जीव तो तोडतात आणि त्यातून हायड्रोसायनिक आम्ल सुटतं. म्हणजे जे जिवाणू गवत पचवतात त्यांच्याच कामातून इथे विष मोकळं होतं. घोड्या-डुकरापेक्षा रवंथ करणाऱ्या जनावराला किराळ लवकर लागतं ते यामुळेच. फुलोरा आल्याशिवाय ज्वारी खाऊ घालू नये, हा जुना नियम त्यावरचा उपाय. वाळल्यावर विषारीपणा उतरतो, आणि म्हणूनच कडबा बिनधोक.

पोटातली लोकसंख्या मेलीच तर ती बाहेरून आणावी लागते. निरोगी जनावराच्या कोठीपोटातलं काही लिटर पाणी गाळून, कोमट असतानाच आजारी जनावराला नळीनं पाजतात. दुधाला विरजण लावावं तसंच हे काम : मूठभर जिवंत जीव द्यायचे आणि त्यांना वाढायला योग्य ऊब व खाद्य पुरवायचं. स्वीडनमधले शेतकरी निरोगी गाईच्या तोंडातला रवंथ काढून आजारी गाईला चारत, अशा अठराव्या शतकातल्या नोंदी आहेत. वासराला हे जिवाणू आईच्या चाटण्यातून, गोठ्यातल्या चाऱ्यातून मिळतात. जन्मतः त्याचं कोठीपोट लहान आणि निकामी असतं. प्यालेलं दूध एका खाचेतून थेट चौथ्या कप्प्यात जातं. पहिल्या आठवड्यांत वासरू गवताची काडी चघळतं तेव्हा त्याच्या पोटात पुढच्या आयुष्याची जुळणी सुरू झालेली असते.

छावणीतला पहिला आठवडा

हे सगळं मनात ठेवून दुष्काळातल्या चारा छावण्यांकडे पाहिलं की काळजी वाटते. 2012-13 आणि 2018-19 च्या दुष्काळांत माण, सांगोला, आष्टी अशा भागांत छावण्या उघडल्या आणि असंख्य जनावरं त्यांवर तगली. त्या चालवणाऱ्यांचे उपकार मोठे आहेत. पण छावणीत येणारं जनावर बहुधा कित्येक दिवस अर्धपोटी असतं. उपासानं त्याच्या कोठीपोटातले जिवाणू आधीच रोडावलेले असतात. आणि पहिल्याच दिवशी त्याच्यापुढे येतो तो ऊस किंवा वाढं, कारण दुष्काळात पाटाच्या भागातून ट्रकनं आणता येतं ते तेवढंच. साखर, पाणी आणि ऑक्झलेट यांचा असा मारा पेलण्याची ताकद नेमकी तेव्हाच त्याच्यात सर्वात कमी असते.

माणमधल्या एका शेतकरी बाईंनी मला आपल्या म्हशीची हकिगत सांगितली. घरातून निघताना त्यांनी उरलासुरला कडबा गाडीत घातला होता. शेजाऱ्यांनी समजावलं, छावणीत चारा मिळतोय, कडबा घरी ठेव. “पण म्हटलं, तिला सवयीचं दोन घास राहू दे,” त्या म्हणाल्या. त्यांची म्हैस पहिल्या आठवड्यातही रवंथ करत राहिली.

छावणीच्या नियोजनात किती जनावरं, दर जनावरामागे किती किलो चारा, किती पाणी, याचा हिशेब असतो. त्यात पहिल्या पंधरवड्याचा वेगळा हिशेब असायला हवा. येणाऱ्या प्रत्येक जनावरासाठी सुरुवातीला पुरेल एवढा कडबा किंवा सुका पेंढा आधीच साठवलेला हवा. ऊस आणि वाढं कुट्टी करून त्यात मिसळून, रोज थोडं वाढवत द्यायला हवं. वाढ्यासोबत चुन्याची निवळी आणि खनिज मिश्रण हवं. निरोगी जनावराच्या कोठीपोटातलं पाणी काढून पाजता येईल अशी सोय प्रत्येक छावणीच्या पशुवैद्याकडे हवी. यातल्या एकाही गोष्टीला नवं यंत्र लागत नाही. लागतो तो कडब्याचा आगाऊ साठा, आणि सुगी बरी झालेल्या वर्षी तो बाजूला काढून ठेवण्याची तरतूद.

हायब्रिड आणि नगदी पिकांच्या मागे लागून आपण उंच धाटाची ज्वारी कमी केली, तसा कडबाही दुर्मीळ होत गेला. त्याची किंमत आपण दूध आणि धान्याच्या भावात मोजतो. तो दुष्काळात एका चाऱ्यावरून दुसऱ्या चाऱ्यावर जाण्याचा पूलही आहे, हे हिशेबात धरत नाही. ऊसतोडीला निघालेला गाडीवान ते धरतो. म्हणून आधीच भरलेल्या गाडीत तो कडब्याच्या पेंढ्यांना जागा करतो. तेवढी जागा जिल्ह्याच्या चारा आराखड्यातही करायला हवी, आणि तीही पुढचा दुष्काळ जाहीर होण्याच्या आधी.